प्रिंटरचा दुभाषी : प्रस्तावना

१ नोव्हेंबर १९५६ रोजी जुन्या मध्यप्रदेशातील आठ मराठी जिल्हे मुंबई राज्यास जोडले गेले, तेव्हा छिंदवाड्याच्या दक्षिण अंगास असलेला, संत्र्यांच्या बागांनी आणि कपाशीने भरलेला पांढुर्णा-सौसरचा मराठी मुलूख होता तेथेच राहिला. आणि घर मराठीत व दप्तर हिंदीत अशी जी विभागणी येथील माणसाच्या वाट्यास आली, ती त्याने फारशी कुरकुर न करता, किंबहुना काहीशा ऐटीने, आजतागायत निभावली आहे. पटवाऱ्याच्या दप्तरातील खसऱ्याची व बी-१ ची नक्कल, लोकसेवा केंद्रातून मिळणारा मूळनिवासी दाखला, समग्र आयडीचा कागद, शपथपत्र, वकालतनामा हे सारे हिंदीत. लग्नाची पत्रिका, हरिनाम सप्ताहाचे पत्रक, तेरवीचे निमंत्रण हे मराठीत. आणि हे दोन्ही प्रकारचे कागद बहुधा एकाच ऑनलाइनवाल्याच्या दुकानात, एकाच यंत्रातून बाहेर पडतात. २०२३ च्या ऑक्टोबरात पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा झाला व सौसर त्यात समाविष्ट झाले, तेव्हापासून कचेऱ्या वाढल्या, कचेऱ्यांबरोबर अर्ज वाढले, आणि अर्जांबरोबर त्या बिचाऱ्या यंत्रावरील बोजाही वाढला.

ते यंत्र म्हणजे प्रिंटर. आणि प्रस्तुत पुस्तिका ते यंत्र मुक्त संगणकप्रणालीवर, म्हणजे लिनक्सच्या उबंटू, डेबियन, मिंट इत्यादी रूपांवर, कसे बसवावे व बसविल्यानंतर कसे सांभाळावे, एवढ्याच विषयापुरती आहे. विषय संकुचित आहे हे कबूल. परंतु तो आजच का निकडीचा झाला याला सबळ कारण आहे. विंडोज १० या प्रणालीचा सर्वसाधारण आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला, आणि तिच्या जागी येणारी विंडोज ११ ही टीपीएम २.० नावाची सुरक्षा-चिप व तुलनेने नवा प्रोसेसर मागते. ज्यांच्या दुकानातील संगणक दहा वर्षांचे आहेत आणि अजून उत्तम चालतात, अशा गृहस्थांपुढे दोनच मार्ग उरतात: धडधाकट यंत्र भंगारात घालणे, किंवा त्यावर लिनक्स चढविणे. दुसरा मार्ग पत्करणारे आमच्या भागात हळूहळू दिसू लागले आहेत. त्यांना ब्राउझर चालविण्यास अडचण येत नाही, पत्र लिहिण्यासही येत नाही. अडचण येते ती कागद बाहेर काढताना. बोटांचे ठसे घेणाऱ्या यंत्रांसाठी मात्र बहुतेकांना एक विंडोजचा संगणक अजून ठेवावाच लागतो, हे येथे प्रामाणिकपणे सांगितलेले बरे. मुक्त प्रणालीच्या उत्साही प्रचारकांनी ही गोष्ट लपवून आमच्या दुकानदारांचा विश्वास पुष्कळ गमावला आहे.

लिनक्स हे हौशी मंडळींचे खूळ आहे असा समज अजून ज्यांच्या मनात असेल त्यांनी न्यायालयाच्या आवारात एक फेरी मारावी. सर्वोच्च न्यायालयाच्या ई-समितीने देशभरातील जिल्हा व तालुका न्यायालयांच्या संगणकीकरणासाठी उबंटूची खास सिद्ध केलेली आवृत्ती स्वीकारली, आणि खटल्यांची नोंद ठेवणारी सीआयएस ही प्रणाली राष्ट्रीय सूचना-विज्ञान केंद्राच्या पुणे येथील कार्यालयात तयार झाली. ज्या प्रणालीवर न्यायालयाच्या तारखा व हुकूम निघू शकतात, त्या प्रणालीवर बी-१ ची नक्कल निघू नये याला तांत्रिक कारण कोणतेच नाही.

आता ड्रायव्हर म्हणजे काय. संगणक पानाचे वर्णन एका भाषेत करतो आणि प्रिंटर दुसरीच भाषा समजतो; या दोघांमध्ये बसून एकाचे बोलणे दुसऱ्यास सांगणारा दुभाषी तो ड्रायव्हर. दोन भाषांच्या सीमेवर जन्म काढलेल्या वाचकास याहून अधिक फोड करून सांगण्याची गरज नसावी. लिनक्सवर हा व्यवहार पुढीलप्रमाणे चालतो. आपण ‘प्रिंट’ची आज्ञा दिली की अर्जाचे पान बहुधा पीडीएफ स्वरूपात कप्स नावाच्या कारभाऱ्याच्या हवाली होते, तो त्यास रांगेत लावतो, मग ‘फिल्टर’ म्हणून ओळखले जाणारे छोटे कार्यक्रम त्या पानाचे एकामागून एक रूपांतर करीत ते बारीक ठिपक्यांच्या चित्रात आणतात, ड्रायव्हर ते चित्र त्या विशिष्ट यंत्राच्या बोलीत मांडतो, आणि शेवटी ‘बॅकएंड’ ते यूएसबीच्या तारेतून वा नेटवर्कमधून यंत्रापर्यंत पोचवितो. यंत्रात ट्रे किती, दोन्ही बाजूंस छपाई होते की नाही, कागद कोणकोणत्या मापाचे चालतात, ही माहिती पीपीडी नावाच्या एका साध्या मजकुराच्या फाईलमध्ये असते. या साखळीतील कोणता दुवा निखळला हे ओळखता आले की निम्मे काम झाले. आणि हे ओळखता येत नाही म्हणूनच आमच्याकडे पुष्कळ वेळा निर्दोष कार्ट्रिज बदलले जाते.

यंत्र आहे, कागद आहे, माणूस आहे, आणि तरीही मधला दुवा नसल्यामुळे छपाई अडून राहते, ही अवस्था या देशाला नवी नाही. सुरतेचे व्यापारी भीमजी पारेख यांनी आपले धर्मग्रंथ छापण्याच्या हेतूने ईस्ट इंडिया कंपनीकडे मुद्रकाची मागणी केली, आणि १६७४ साली हेन्री हिल्स नामक मुद्रक छपाईयंत्र, खिळे व कागद घेऊन मुंबईस उतरला. परंतु आलेले खिळे इंग्रजी होते. हिल्सला छापणे येत होते, देशी अक्षरांचे खिळे पाडणे व ओतणे येत नव्हते. आणि पारेखांचे काम तेथेच अडले. मराठी मुद्रणाला खरे बळ आले ते पुढे एकोणिसाव्या शतकात, जेव्हा जावजी दादाजींसारख्या खिळे ओतणाऱ्या माणसाने आपल्या कारखान्याच्या जोडीस १८६९ साली निर्णयसागर छापखाना उभा केला. म्हणजे यंत्र चालविण्याबरोबर मधल्या दुव्याचीही विद्या जेव्हा आपल्या हाती आली, तेव्हा.

मुक्त सॉफ्टवेअरच्या चळवळीचा उगमच मुळी एका प्रिंटरपाशी आहे, ही गोष्ट संगणकशास्त्राच्या विद्यार्थ्यांनाही पुष्कळदा ठाऊक नसते. १९८० च्या सुमारास मॅसॅच्युसेट्स तंत्रविद्यापीठाच्या कृत्रिम बुद्धिमत्ता प्रयोगशाळेस झेरॉक्स कंपनीकडून एक लेसर प्रिंटर भेट मिळाला. यंत्र वेगवान होते, पण कागद वारंवार अडकत असे; आणि प्रिंटर निराळ्याच मजल्यावर असल्यामुळे, काम झाले असेल अशा समजुतीने जाणारा माणूस रिकाम्या हाताने परत येई. रिचर्ड स्टॉलमन या तरुण प्रोग्रॅमरने आधीच्या प्रिंटरच्या बाबतीत यावर तोड काढली होती: कागद अडकताच संबंधितांच्या पडद्यावर सूचना झळकावी अशी दुरुस्ती त्याने त्या प्रिंटरच्या प्रोग्रॅममध्ये केली होती. नव्या यंत्राच्या बाबतीत ते अशक्य झाले, कारण प्रोग्रॅमचा मूळ मजकूर, म्हणजे सोर्स कोड, कंपनीने दिलाच नव्हता. तो कार्नेगी मेलन विद्यापीठातील एका संशोधकापाशी असल्याचे कळल्यावरून स्टॉलमन तेथे गेला, आणि गुप्ततेचे वचन दिले असल्याच्या कारणावरून त्याला नकार मिळाला. एका क्षुल्लक वाटणाऱ्या नकाराचे शल्य मनात धरून माणसे आयुष्य कोणत्या दिशेस वळवितात हे सांगता येत नाही. २७ सप्टेंबर १९८३ रोजी त्याने ग्नू प्रकल्पाची घोषणा केली, आणि आज ज्यास आपण सैलपणे लिनक्स म्हणतो त्याचा मोठा हिस्सा त्या प्रकल्पाचा आहे.

कप्सची वंशावळ थोडक्यात सांगतो. युनिक्सच्या दोन घराण्यांत छपाईच्या दोन निरनिराळ्या रीती होत्या. त्या दोहोंच्या आज्ञा समजणारी एक समाईक व्यवस्था मायकेल स्वीट याने १९९७ मध्ये रचावयास घेतली व १९९९ मध्ये लोकांपुढे ठेवली. अ‍ॅपलने २००२ मध्ये ती आपल्या संगणकांत घेतली, २००७ मध्ये तिचे हक्कही विकत घेतले. २०१९ च्या अखेरीस स्वीट तेथून बाहेर पडला, आणि त्यानंतर तिची जोपासना मुख्यतः टिल काम्पेटर यांच्या नेतृत्वाखालील ओपनप्रिंटिंग या मंडळाकडे आली, ज्याच्या उन्हाळी प्रकल्पांत भारतीय विद्यार्थ्यांचा भरणा लक्षणीय असतो. तात्पर्य एवढेच की मालक बदलला तरी मूळ मजकूर खुला असल्यामुळे वस्तू बुडाली नाही.

वस्तू बुडते केव्हा, हे पाहावयाचे असेल तर पांढुर्ण्याच्या बसस्थानकाजवळच्या किंवा सौसरच्या तहसील कचेरीसमोरच्या कोणत्याही दुकानात जावे. तेथे तीन जातींचे प्रिंटर हटकून आढळतील, आणि या पुस्तिकेची तीन मोठी प्रकरणे त्यांनाच वाहिलेली आहेत.

पहिली जात ठिपक्यांच्या, म्हणजे डॉट मॅट्रिक्स प्रिंटरांची. वजनकाट्याच्या पावत्या आणि अडत्यांची कार्बनप्रतींसह निघणारी बिले यांसाठी त्याला अजून पर्याय नाही. हे यंत्र आवाज फार करते, परंतु त्याची भाषा सोपी व सर्वज्ञात आहे: एप्सन कंपनीची जुनी आज्ञावली टीव्हीएससारख्या इतर कंपन्यांच्या यंत्रांनीही स्वीकारली, त्यामुळे कप्सबरोबर मिळणारा नऊ किंवा चोवीस पिनांचा सर्वसाधारण एप्सन ड्रायव्हर निवडला की काम भागते. देवनागरी मजकूर चित्ररूपाने जात असल्यामुळे वेग मंदावतो, एवढाच काय तो त्याचा दोष.

दुसरी जात एचपीच्या लेसरजेट १०२० सारख्या यंत्रांची. भारतातील कचेऱ्यांत आणि झेरॉक्सच्या दुकानांत हे छोटे यंत्र जेवढे पसरले तेवढे क्वचितच दुसरे पसरले असेल. त्याचा टोनर कोठेही भरून मिळतो, त्याचे सुटे भाग नागपुरास सीताबर्डीवर सहज मिळतात. पण त्याचा एक विलक्षण स्वभाव असा की वीज गेली की ते आपली सारी विद्या विसरते. स्वस्तात पडावे म्हणून त्याच्यात कायमची स्मृती ठेवलेलीच नाही. प्रत्येक वेळी सुरू होताना संगणकाने त्याला त्याचे फर्मवेअर पुन्हा पढवावे लागते. ज्या गावात उन्हाळ्यात वीज वरचेवर जाते तेथे या स्वभावाचा अर्थ काय होतो हे दुकानदारास विचारावे: प्रिंटरचा हिरवा दिवा लागलेला असतो, संगणक म्हणतो प्रिंटर तयार आहे, आणि कागद काही हलत नाही. लिनक्सवर यास दोन उपाय आहेत. एक, रिक रिचर्डसन नामक प्रोग्रॅमरने या यंत्राची बोली उकलून लिहिलेला फू-टू-झेडजेएस हा ड्रायव्हर. दुसरा, एचपीचा स्वतःचा एचपीलिप, जो बहुतांशी खुला असला तरी या यंत्रासाठी एक बंद ‘प्लगइन’ मागतो. या प्लगइनची आवृत्ती आणि एचपीलिपची आवृत्ती तंतोतंत जुळावी लागते. म्हणून प्रणालीचे मोठे अद्ययावतीकरण झाले की काल चालणारा प्रिंटर आज मुका होतो, आणि प्लगइन पुन्हा बसविल्याशिवाय बोलत नाही. हे एक वाक्य भिंतीवर लिहून ठेवले तरी दुरुस्तीवाल्याच्या पुष्कळ खेपा वाचतील.

तिसरी जात कॅननच्या एलबीपी २९०० ची. यंत्र मजबूत, छपाई स्वच्छ. पण कॅप्ट नावाची त्याची बोली कंपनीने खुली केली नाही. कंपनीने लिनक्ससाठी ड्रायव्हर दिला खरा, परंतु त्याचा महत्त्वाचा भाग बंद, त्यास जुन्या ३२-बिटी लायब्रऱ्यांची गरज, आणि कप्सशिवाय आणखी एक स्वतंत्र सेवा पार्श्वभूमीत चालू ठेवण्याचा आग्रह. नव्या प्रणालीवर हे सारे एकत्र नांदविणे हा धैर्याचा विषय आहे. काही स्वयंसेवकांनी त्याची बोली उकलून खुला ड्रायव्हर लिहिण्याचा प्रयत्न केला आहे आणि २९०० वर तो चालतोही; परंतु कंपनीने पाने-दोन पानांची माहिती दिली असती तर जे आठवड्यात झाले असते त्यासाठी परक्या माणसांनी वर्षे घालवावी, हा बुद्धीचा अपव्यय मला सहन होत नाही. एचपीच्या व कॅननच्या यंत्रांत लोखंडाच्या दृष्टीने डावे-उजवे करण्यासारखे फारसे काही नाही. लिनक्सवर मात्र एक सुखाने म्हातारे होते आणि दुसरे अकाली मरते, ते केवळ दुभाष्याची विद्या कोणाच्या स्वाधीन आहे यावरून. हा एकच मुद्दा वाचकाच्या मनात ठसावा म्हणून मी लेखणी उचलली.

बसविण्याहून सांभाळणे कठीण. पुस्तिकेत त्याचा विस्तार आहेच, तथापि चार-दोन गोष्टींचा निर्देश येथेच करतो. कागद संपला, तार निघाली किंवा यंत्र बंद पडले की कप्स पुष्कळदा ती रांगच थांबवितो; मग यंत्र पूर्ववत् झाले तरी रांग आपणहून सुरू होत नाही, आणि दुकानदार प्रिंटची आज्ञा देत राहतो; शेवटी कोणी जाणकार रांग चालू करतो तेव्हा त्याच दाखल्याच्या दहा-बारा प्रती धडाधड बाहेर पडतात. कागदाच्या मापाचा घोटाळा तर याहून व्यापक आहे. प्रणाली बसविताना भाषा म्हणून अमेरिकी इंग्रजी निवडली तर कागद आपोआप अमेरिकी ‘लेटर’ मापाचा ठरतो. आपल्या ट्रेमध्ये ए-४ असतो. यंत्र नसलेल्या कागदाची वाट पाहत दिवा लुकलुकवीत बसते, आणि दोष ड्रायव्हरच्या माथी येतो. उलट कचेरीचे जुने नमुने लीगल मापाचे असतात. ते ए-४ वर छापले की खालची सहीची जागाच कापली जाते, आणि सहीविना अर्ज बाबूच्या टेबलावरून परत येतो. भाषा म्हणून भारतीय इंग्रजी, हिंदी किंवा मराठी निवडणे आणि लीगलसाठी वेगळी रांग करून ठेवणे, एवढ्याने हा त्रास मिटतो. एकाच यंत्राची नावे यादीत दोनदा दिसणे हाही नित्याचा अनुभव; एक नाव आपण ड्रायव्हर घालून केलेले, दुसरे प्रणालीने यंत्र आपणहून ओळखून केलेले. दोहोंपैकी नीट चालते ते ठेवावे. आणि काहीच उलगडेना तर कप्सची एरर-लॉग ही नोंदवही उघडावी. ती इंग्रजीत व रूक्ष असते, पण जुन्या कारकुनाच्या रोजनाम्यासारखी खरे तेच सांगते.

देवनागरीच्या संबंधात एक गैरसमज दूर करणे अगत्याचे आहे. छापील कागदावर हिंदीच्या जागी इंग्रजी अक्षरांचा कडबा दिसला की लोक प्रिंटरला शिव्या देतात. वस्तुतः प्रिंटरचा तेथे काडीमात्र संबंध नसतो. आमच्या भागातील अर्जांचे शेकडो नमुने कृतिदेव या जुन्या फाँटमध्ये टंकलेले आहेत, आणि त्या पद्धतीत संगणकाच्या लेखी अक्षर इंग्रजीच असते, त्याला देवनागरीचा पोशाख फाँट चढवितो. लिनक्सवर तो फाँट नसला की पोशाख उतरतो. नवे लेखन युनिकोडमध्ये करावे, त्यासाठी लोहित अथवा नोटो हे खुले फाँट वापरावे, आणि जुने नमुने सवडीने रूपांतरित करून घ्यावे. पीडीएफ करताना फाँट त्यातच अंतर्भूत होत असल्यामुळे पडद्यावर अक्षर शुद्ध असेल तर कागदावरही ते शुद्धच येते.

ड्रायव्हर ही संस्थाच आता मावळतीस लागली आहे, हेही वाचकास ठाऊक असावे. अ‍ॅपलचे २०१० मधील एअरप्रिंट आणि त्यानंतर आलेले आयपीपी एव्हरीव्हेअर हे मानक यांनी असे ठरविले की प्रिंटरने स्वतःच एक समाईक भाषा शिकून यावे आणि आपली गुणवैशिष्ट्ये विचारल्यावर सांगावी. अशी यंत्रे नेटवर्कवर असोत वा आयपीपी-यूएसबी या सेवेमार्फत तारेने जोडलेली असोत, लिनक्स त्यांना काही न बसविता ओळखतो. कप्सच्या पुढील आवृत्तीत पीपीडी फाईल व जुन्या पद्धतीचे ड्रायव्हर काढून टाकण्याचे ठरले असून, जुन्या यंत्रांसाठी ‘प्रिंटर अ‍ॅप्लिकेशन’ या नावाची वेगळी सोय केली जात आहे. म्हणून नवा प्रिंटर घेणाऱ्याने दुकानदारास किंमत व पानांचा वेग विचारण्यापूर्वी यंत्र एअरप्रिंट समजते काय हे विचारावे. होकार मिळाला तर या पुस्तिकेची बरीचशी पाने त्याला न वाचताही चालतील. परंतु आमच्या तहसिलींत नवे यंत्र क्वचितच येते. येते ते नागपुरातील एखाद्या कचेरीने विकून टाकलेले, दुसऱ्या हाताचे. आणि ते पुढे दहा वर्षे चालते. तेव्हा ड्रायव्हरचे राज्य जगातून उठले तरी येथे ते बराच काळ राहणार.

अद्ययावतीकरणाचा कंटाळा करणाऱ्यांसाठी एक ताजी हकीकत. २०२४ च्या सप्टेंबरात सिमोने मार्गारितेल्ली या इटालियन संशोधकाने असे उघडकीस आणले की कप्सच्या जोडीने चालणारी, नेटवर्कवरील प्रिंटर आपोआप शोधणारी सेवा कोणाचाही निरोप खरा मानते. तोतया प्रिंटर यादीत घुसवून, त्यावर छपाईची आज्ञा होताच संगणकावर हवी ती कृती घडवून आणता येत होती. दुरुस्त्या लवकरच प्रसिद्ध झाल्या. ज्यांनी त्या घेतल्या ते सुटले. ज्या दुकानाच्या वायफायवर दिवसभर अनोळखी मोबाइल येतात आणि ज्याच्या संगणकात गावाचे आधार क्रमांक पडून असतात, तेथे ही सेवा गरज नसल्यास बंदच ठेवावी असे माझे मत आहे, आणि ती बंद करण्याची रीत सहाव्या प्रकरणात दिली आहे.

स्कॅनर, बिले काढणारी थर्मल यंत्रे आणि फोटो छापणारे शाईचे प्रिंटर यांचा विचार या पुस्तिकेत केलेला नाही. स्कॅनरचा कारभार लिनक्समध्ये सेन या स्वतंत्र व्यवस्थेकडे असतो आणि त्याचे प्रश्न निराळे आहेत; ‘ऑल-इन-वन’ यंत्रांच्या बाबतीत छपाईचा अर्धा भाग येथे सापडेल, उरलेल्या अर्ध्यासाठी वाचकास तूर्त दुसरीकडे जावे लागेल. आज्ञा जशा टंकावयाच्या तशाच दिल्या आहेत. त्यांतील रिकाम्या जागा व लहान-मोठी अक्षरे काळजीपूर्वक पाळावी, आणि पहिल्या प्रकरणाकडे वळण्यापूर्वी आपल्या प्रिंटरच्या मागील पट्टीवरील मॉडेलचा पूर्ण क्रमांक, शेवटच्या अक्षरासह, एका कागदावर उतरवून घ्यावा.